नकाशात नसलेला खांब

"वाऱ्याचं वजन किती असतं ओ, सायेब?"

गहिनीनाथ मिस्त्रींच्या हातात ओळंबा लोंबत होता. मी फिजिक्स घेऊन बी.एस्सी. झालो होतो आणि दोन महिन्यांपासून या दुष्काळी कामावर हजेरी कारकून होतो. पण हा प्रश्न मला कॉलेजात कुणी विचारला नव्हता.

"वेगावर असतं," मी म्हणालो. "का?"

"ह्या बाईला किती सोसंल, त्ये बघायचं हुतं." त्यांनी चुन्याने आखलेल्या सरळ रेषेकडे हनुवटीने खूण केली.

बाई म्हणजे बागेची भिंत. त्र्याहत्तरचा एप्रिल होता. पाथर्डीकडे जाणाऱ्या रस्त्यालगतच्या बांधकाम खात्याच्या बंगल्यावर पुढच्या गुरुवारी मोठे पाहुणे यायचे होते, दुष्काळ पाहायला. बागेत खुर्च्या टाकून बसलं की रस्त्यापलीकडे खडी फोडणारी दीडशे माणसं थेट समोर दिसत. म्हणून मध्ये भिंत. ऐंशी फूट लांब, सहा फूट उंच, नऊ इंच जाड.

"घराच्या भितीला बहिनी असत्यात," मिस्त्री म्हणाले. "चारी बाजूंनी एकमेकीला धरत्यात, वरनं छप्पर दाबतं. ही एकटी. हिला दर आठ फुटाला जाड खांब पायजे. आन पाया मुरमापातुर."

त्यांनी पहार मारून पाहिली होती. मुरमाचा पक्का थर तीन फुटांवर लागत होता. नकाशात पाया होता दीड फूट. जमीन काळी, भेगांत माझा हात कोपरापर्यंत जाई. पाऊस पडला की हीच माती फुगणार होती.

दुपारी मी हजेरीपत्रकाच्या कोऱ्या पाठीवर आकडे मांडले. भिंतीचं वजन, तिची जाडी, वाऱ्याचा दाब. चौरस फुटाला अकरा पौंड दाब आला की भिंत कलंडते. वळवाआधी असा वारा आमच्याकडे सुटतो. सिमेंटची पकड धरली तर ती आणखी थोडं सोसेल. पण सिमेंट पाण्याशिवाय पकड घेत नाही, आणि टँकरचं पाणी गुलाबांना ठरलेलं होतं. भिंतीच्या वाट्याला दिवसाला दोन बादल्या.

ओव्हरसिअर पारखे यांनी माझा कागद पूर्ण वाचला.

"तू इंजिनिअर आहेस?"

"नाही साहेब."

"मीही नाही. जो आहे तो नगरला बसतो. खांब घालायचे तर नकाशा पुन्हा मंजूर करून आणायचा, त्याला महिना. पाहुणे गुरुवारी." त्यांनी कागदाची नीट घडी घालून माझ्या हातात दिली. "गणित मात्र छान केलंयस."

माणूस वाईट नव्हता. म्हणूनच मी कागद खिशात ठेवून बाहेर आलो.

मिस्त्रींना सांगितलं तेव्हा ते विटा भिजवत होते. हसले.

"म्हंजी आकडं बी माज्याच बाजूनं हायेत."

"तुम्ही काम सोडून द्या, मिस्त्री."

"म्या सोडलं तर दुसरा बांधंल. त्यो वळंबा बी लावनार न्हाई."

त्यांनी बांधलं. इतकी सरळ भिंत मी पुन्हा पाहिली नाही. रस्त्याच्या बाजूने मात्र त्यांनी दर आठ फुटांवर बुडाशी चुन्याचं एकेक बोट ओढलं होतं. नऊ खुणा. मी विचारलं तर म्हणाले, "खांब न्हाई तर न्हाई. जागा तरी दिसू द्या."

बुधवारी सकाळी शेवटचा थर बसला. पारख्यांनी नारळ फोडला. मी वहीत लिहिलं, 'काम नकाशाप्रमाणे झाले', आणि खाली सही केली. ते वाक्य खरं होतं.

मिस्त्रींच्या घराण्यात एक रीत होती. भिंत पुरी झाली की गवंड्यानं त्या दिवसाची भाकर तिच्याच सावलीत खायची. ही गोष्ट त्यांची बायको चांगुणा हिनं मला सांगितली होती. तीही समोर खडी फोडायला होती. त्या दुपारी ती मिलोची, रेशनवर मिळणाऱ्या परदेशी ज्वारीची लाल भाकर घेऊन आली, तर मिस्त्री रस्त्यापलीकडे खडीच्या ढिगाशी उन्हात बसलेले.

"आवो, सावली सोडून हितं का?"

"भूक हितंच लागली."

दुपार कलून भिंतीची सावली रस्त्याच्या बाजूला उतरली होती. फाट्यापासून बंगल्यापर्यंत झाड नव्हतं. सुट्टीची घंटा झाली होती, तशा बायका एकेक करून कामावर वाटल्या जाणाऱ्या सुकडीच्या वाट्या घेऊन सावलीत येऊन टेकल्या. चांगुणाही गेली.

मिस्त्री ताडकन उठले. "उठा तितनं! झुंबरमावशी, उठ!"

म्हाताऱ्या झुंबरबाईने पाय आणखी लांब केले. "का रं? भित सरकारची, मग सावली बी सरकारची का?"

बायका हसल्या.

"भित पक्की न्हाई, मावशे."

"कुनी बांधली?"

मिस्त्रींनी हातावरचा चुना चोळला.

"गहिनीनं बांधली नव्हं? मग बस की गुमान. पाय भाजाया लागलं माजं."

मिस्त्रींनी माझ्याकडे पाहिलं. माझ्या खिशात तो कागद होता. मी पुढे झालो आणि म्हणालो, "मिस्त्री खरं सांगताहेत. वारा आला तर धोका आहे."

"वारा कुटं हाय, सायेब?" चांगुणा म्हणाली. खरंच, पानही हलत नव्हतं. हलायला पान नव्हतं.

"मग आमी बसावं कुटं, त्ये तरी सांगा," झुंबरबाई म्हणाली.

मी रस्त्याच्या दोन्ही बाजूंना पाहिलं. दोन्हीकडे नुसतं ऊन होतं.

मिस्त्रींनी अर्धी भाकर फडक्यात बांधली. रस्ता ओलांडला. बायकांच्या मधोमध चुन्याची पाचवी खूण होती. तिथे ते खाली बसले, पाठ भिंतीला नीट लावली, टाचा काळ्या मातीत रोवल्या आणि फडकं सोडलं.

बसलेल्या माणसाची पाठ सहा फुटी भिंतीला किती आधार देते, ते मी मनात मांडून पाहिलं. मोजण्याजोगं काही आलं नाही.

फाट्याकडून वाऱ्यावर धुळीची एक बारीक रेघ उठली. मिस्त्रींनी घास चावायचा थांबवला आणि पाठ आणखी घट्ट टेकली.