हसवलेली वाटी

“ती वाटी हसवा!” निर्माते तेजिमा खुर्चीतूनच ओरडले.

आमच्या क्योतोच्या स्टुडिओत एखादी वस्तू कॅमेऱ्याच्या चौकटीतून काढायची असली की ‘हसवा’ म्हणायचे. का, ते कुणालाच ठाऊक नव्हतं. मी कॅमेऱ्याशेजारी बसून कुठली वस्तू कुठे होती ते लक्षात ठेवायची. तेच माझं काम.

वाटी निळ्या रेघांची होती, काठाचा टवका उडालेली. दिग्दर्शक कुझुमी साहेबांनी ती घरून आणली होती. त्यांच्या आईची. आमच्याकडे प्रेत बाहेर निघताना मेलेल्या माणसाची भाताची वाटी दारात फोडतात, म्हणजे तो परत येत नाही. त्यांच्या वडिलांच्यानं ती फोडवली नव्हती.

“मग आली का हो आई परत?” मी विचारलं होतं.

“नाही ना. म्हणून तर हे लिहिलं.”

दर उन्हाळ्यात साहेब दुसऱ्यांनी लिहिलेले भुतांचे सिनेमे करत. हा त्यांचा स्वतःचा. यातली भुतीण घरी येते, फळीवर आपली वाटी अजून शाबूत बघते आणि कुणालाही न घाबरवता ती पुसत बसते. बस, एवढंच.

“कुझुमी, भांडी पुसणारी बाई बघायला तिकीट कोण काढील?” तेजिमा म्हणाले. “ती घरोघरी फुकट दिसते! नवऱ्याचा गळा दाबायला लाव तिला. नाहीतर पुढचा सिनेमा दुसऱ्याला देतो.”

सगळे हसले. सामान मांडणारा कामेकिची तेवढा वाटीजवळ उभा राहून साहेबांकडे बघत होता.

“साहेब, काय करू?”

साहेबांनी टोपी काढली, पुन्हा घातली.

“हसव,” ते म्हणाले. आणि स्वतःही हसले.

सिनेमा तुफान चालला. पुढे साहेबांनी सांगतील ते लिहिलं, सांगतील ते केलं: ओले केस, विहिरीतून येणारे हात, माणसं खाणारी मांजरं. पण कुठल्याही सिनेमातल्या स्वयंपाकघरात, मागे अंधुक फळीवर, ती वाटी असायची. तेजिमांना कधी दिसली नाही.

साहेब निवृत्त झाल्यावर एकदा मी म्हटलं, “आता तरी करा ना तो सिनेमा.”

“आता कोण देतंय करायला?” त्यांनी शेवयांच्या वाडग्यात काड्या उगाच फिरवल्या. “आणि मासाए, ती तेजिमानं नाही हसवली. मी हसवली.”

गेल्या हिवाळ्यात साहेब गेले. बायको-मुलं नव्हतीच. उशाशी, रीतीप्रमाणे, त्याच वाटीत भाताची रास लावली होती. निघायच्या वेळी पुतण्यानं भात काढला आणि रिकामी वाटी कामेकिचीच्या हातात दिली. पाठीत वाकलेला कामेकिची दारात थांबला. माझ्याकडे बघत राहिला.

“मासाए-सान, हसवू?”

बाहेर शववाहिनीचा लांब भोंगा वाजला.

“नको. राहू दे चौकटीत.”

आता ती माझ्या फळीवर असते. आमच्याकडे मेलेली माणसं दर उन्हाळ्यात काही दिवस घरी येतात, त्या दिवसांत मी सगळं घर झाडूनपुसून घेते. त्या वाटीला मात्र हात लावत नाही. शेजारी एक कोरडं फडकं ठेवते.