जिन्यावरून पडणारी

मावशी आयुष्यभर पडत आली. घोड्यावरून, गच्चीवरून, चालत्या ट्रकमधून. पडायचं मावशीने आणि टाळ्या घ्यायच्या नायिकेने. एकदा जिन्यावरून पडताना खाली गादी नव्हती, आणि कंबर जी गेली ती गेलीच. मग तिने पडायला शिकवायचा वर्ग काढला. शहरातल्या झाडून सगळ्या स्टंटच्या मुली तिच्याच हाताखालून गेल्या, पोटची लेकसुद्धा.

आता सिनेमाधंद्याची झाकलेली बाजू दाखवणारी डॉक्युमेंटरी निघाली होती. दिग्दर्शक भला वाटला. मावशीची हकिकत ऐकताना त्याचे डोळे भरून आले.

"तेव्हा नकार का नाही दिलात?" त्याने विचारलं.

"नकार देणारीला दुसऱ्या दिवशी कोण बोलावतं रे बाबा?"

मग तोच प्रसंग पुन्हा चित्रित करायचं ठरलं. आईच्या जागी लेक पडणार. पोरगी हरखून गेली होती. एवढं मोठं काम तिला पहिल्यांदाच मिळत होतं. केसांचा टोप चढवून ती वरच्या पायरीवर उभी राहिली आणि खाली पाहून म्हणाली, "गादी कुठाय?"

"ती फ्रेममध्ये दिसेल ना," दिग्दर्शक म्हणाला. "आणि तेव्हाही नव्हतीच. खरं वाटायला हवं."

मावशीच्या अंगाचा तिळपापड झाला. अरे वा रे शहाण्या! मघाशी रडलास तो काय कांदा चिरत होतास? ती तोंड उघडणार, तोच वरून लेकीचा आवाज आला, "गादीशिवाय मी पडणार नाही."

गेलं पोरीचं काम! पण मावशीचा ऊर असा भरून आला की बस्स. जे तिला उभ्या जन्मात जमलं नाही, ते पोरगी सहज बोलून गेली होती.

"मग दुसरीला बोलवतो," दिग्दर्शकाने फोन काढला.

मावशी खुर्चीत आरामात रेलली. "बोलवा की. स्पीकरवर टाका, मलाही ऐकू दे."

पलीकडची मुलगी खूश झाली. "जिना ना? आलेच. खाली गादी आहे ना?"

"नाही, पण..."

"मग नाही जमायचं, सर."

त्याने आणखी एकीला फोन लावला. ती जरा घुटमळली. "थांबा हं, मावशीला विचारून सांगते."

फोन बंद झाला. आणि मावशीच्या पदराआडचा मोबाईल वाजायला लागला.

दिग्दर्शकाकडे बघत तिने तो उचलला. "नको येऊस गं," ती म्हणाली. "गादी येतेय. माझी लेक पडणार आहे."