अंगावरचं सामान

भैय्याजींनी तलवारीचा पत्ता पुन्हा त्याच चिलखतवाल्या वीराखाली सरकवला आणि रुचिकाचं डोकं फिरलं. त्या वीराकडे आधीच ढाल होती, शिरस्त्राण होतं, पायांत वाऱ्याचे जोडे होते. आता तलवारही त्यालाच. शेजारी रुचिकाचे दोन वीर हात हलवत उभे होते, त्यांच्याकडे साधी काठीसुद्धा नव्हती.

"बाबा, अजून किती लादता त्याच्यावर?" ती म्हणाली.

"शोभून दिसते त्याले," भैय्याजी म्हणाले आणि त्यांनी पत्ता बोटानं नीट सरळ केला.

वर्ध्याजवळच्या पिपरी मेघेतल्या त्या घरात रविवारी दुपारी वीज जायची, ती चहाच्या वेळेलाच यायची. टीव्ही बंद, कूलर बंद, मग करणार काय? म्हणून रुचिकाच्या धाकट्या भावानं, निकेशनं, पुण्याहून आणलेला खेळ हॉलमधल्या सतरंजीवर मांडला जायचा. डबीवर त्याचं लांबलचक इंग्रजी नाव होतं, पण घरात त्याला सगळे 'वीरांचे पत्ते' म्हणत. खेळ दोन जोड्यांचा. काही पत्ते वीरांचे, काही त्यांच्या शस्त्रांचे आणि चिलखतांचे, ज्यांना हे लोक सरळ 'सामान' म्हणायचे. दर डावाला थोडा 'दम' मिळायचा. तो खर्च करून सामान वीराच्या अंगावर चढवायचं, आणि आणखी एक दम खर्चला की एकाच्या अंगावरून काढून दुसऱ्याला द्यायचं. वीर मेला की त्याच्या अंगावरचं सारं सामान त्याच्याबरोबर मातीत. नियम एवढाच, पण सगळी मेख त्यातच होती.

भैय्याजी जन्मभर मेंढीकोट खेळलेले. जोडीचा खेळ म्हटल्यावर ते पहिल्याच दिवशी मांडी ठोकून बसले आणि त्यांनी जोडीदार म्हणून रुचिकाला घेतलं. विरुद्ध बाजूला निकेश आणि चुलतभाऊ धर्मेंद्र. तेव्हापासून ही जोडी नेमानं हरत होती, आणि हरण्याचं कारण रुचिकाच्या समोरच मांडी घालून बसलेलं होतं.

निकेश आणि धर्मेंद्रकडे एक गंजकी कट्यार होती. तिला कोणी हुंगलंही नसतं. पण ती त्यांच्याकडे सारखी फिरायची. एकानं वार केला की दुसऱ्याकडे, दुसऱ्यानं केला की तिसऱ्याकडे. ढाल मार खाणाऱ्याच्या हातात, जोडे पळणाऱ्याच्या पायांत. सामान जितकं हलतं तितकं कामाला येतं, हे रुचिकाला चार डावांत कळलं होतं. भैय्याजींना ते कळायचंच नाही. बरं, ज्याच्या हातून पत्ता पडला त्यानंच तो हलवायचा असा नियम, त्यामुळे तिचे हात बांधलेले. ती सांगून सांगून थकली. कधी गोडीनं सांगितलं, कधी चिडून, एकदा तर पत्ते फेकून उठून गेली.

भैय्याजींचं उत्तर ठरलेलं होतं. "अंगावर चढवलं ते चढवलं. उतरवाचं नाई. बरं नाई ते."

काऊन बरं नाही, हे मात्र ते कधी सांगत नसत. अहो बाबा, कागद आहे तो, असं ती म्हणायची, तर ते नुसते मान हलवायचे. माणूस ऐकत नसेल तर भांडता तरी येतं. हे ऐकूनही घ्यायचे, हसायचेही, आणि पुन्हा तेच करायचे.

त्या रविवारी मात्र तिचा पारा पत्त्यांना हात लावण्याआधीच चढलेला होता. आदल्या दिवशी संध्याकाळी आईनं, म्हणजे मंदाबाईंनी, पोळ्या लाटता लाटता खाली मान घालून तिला सांगितलं होतं की अक्षय्य तृतीया झाली की दुकानात निकेश बसेल. तुझे बाबा म्हणाले. तू किल्ल्या देऊन टाक.

दुकान वर्ध्यात, पाण्याच्या मोटारींचं आणि पाईपांचं. भैय्याजींच्या गुडघ्यांनी दगा दिला तेव्हा निकेश पुण्यात नोकरीला लागला होता आणि रुचिका बी. कॉम. होऊन घरी होती. एका सकाळी भैय्याजींनी किल्ल्यांचा जुडगा काही न बोलता तिच्या हातात ठेवला. सुरुवातीला गिऱ्हाईक तिच्या डोक्यावरून आत पाहायचं आणि विचारायचं, भैय्याजी कुठं गेलेत? पुढं पुढं विचारणं बंद झालं. गिरडपासून लोक बिघडलेली मोटार टेम्पोत घालून आणायचे आणि थेट तिच्याशीच घासाघीस करायचे. गावातल्या दोन मुलांनी तिचं नाव 'मोटारवाली ताई' ठेवलं होतं, ते तिला मनातून आवडायचं. मग मंदी आली, निकेशच्या कंपनीनं माणसं कमी केली, आणि तो बॅग घेऊन घरी आला. बॅगेत हे पत्ते होते.

"बाबांनी मले सांगाव," ती आईला म्हणाली होती. "माह्या तोंडावर सांगाव."

भैय्याजींनी सांगितलं नाही. रात्री जेवले, सकाळी पेपर वाचला, दुपारी वीज गेल्यावर पत्ते मागितले. ती मुकाट्यानं त्यांच्यासमोर बसली. आता सांगतील, मग सांगतील, असं करता करता खेळ अर्ध्यावर आला, आणि ते तलवारीचा पत्ता सरळ करत होते.

तीन डाव निकेशनं काहीच खर्च केलं नव्हतं, सगळा दम साठवून बसला होता. रुचिकाला कळून चुकलं. त्याच्या हातात दलदलीचा पत्ता होता. तो टाकला की समोरचा कोणताही एक वीर बुडतो, त्याला ढाल वाचवत नाही की चिलखत. आणि तो कोणाला बुडवणार, हे आंधळ्यालाही दिसलं असतं.

"बाबा, ऐका," ती अगदी शांतपणे म्हणाली. शांत राहण्याचा तिला किती त्रास होत होता ते तिचं तिलाच ठाऊक. "आपल्यापाशी दोन दम आहेत. तलवार अन् ढाल काढा त्याची. माह्या तिरंदाजाले द्या. याच डावात जिंकतो आपण."

"अन् याले उघडा पाडू?"

"तो तसाही जाणार आहे."

"जाऊ दे. चढवलेलं उतरवाचं नाई म्हटलं ना तुले."

निकेशनं दलदल टाकली. चिलखतवाला वीर ढाल, शिरस्त्राण, जोडे आणि कोऱ्या तलवारीसकट बुडाला. पुढच्याच डावात गंजक्या कट्यारीनं रुचिकाचे दोन्ही वीर कापले. धर्मेंद्रनं टाळी मागितली, निकेशनं दिली.

"गेला बिचारा," भैय्याजी हसत म्हणाले. "पण सजूनधजून गेला."

रुचिकाला रडू येईल असं वाटलं, आणि पत्त्यांसाठी रडू येतं याचाच तिला जास्त संताप आला. ती पत्ते गोळा करू लागली. भैय्याजीही गोळा करू लागले, आणि सतरंजीकडे पाहत, सुपारी मागावी तशा आवाजात म्हणाले, "अन् हो, त्या किल्ल्या निकेशपाशी देऊन दे. तीज झाली का तो बसन दुकानात."

कालपासून तिनं मनाशी किती काय काय जुळवून ठेवलं होतं. कंपनीवाल्यांशी ती कशी बोलते, उन्हाळ्याचा माल कुठून येतो, उधारीवाल्याला कसं नाही म्हणायचं असतं.

"काऊन?" एवढंच तिच्या तोंडून निघालं.

"काऊन म्हणजे? आर्वीचं स्थळ पुढं सरकून राह्यलं. तू उद्या जाशीन आपल्या घरी. याले आतापासून सवय लागली पाह्यजे ना."

निकेश पत्ते पिसत होता. पिसलेलेच पत्ते पुन्हा पिसत होता. धर्मेंद्रनं पाणी पिण्याचं निमित्त काढलं आणि तो आत सटकला.

"चढवलेलं उतरवाचं नाई म्हणता ना तुमी?" रुचिका म्हणाली. "आत्ताच म्हटलं. त्या कागदाच्या माणसाची तलवार काढवली नाई तुमच्यानं. अन् माह्या हातातल्या किल्ल्या काढता?"

भैय्याजी गोंधळले. ते खरंच गोंधळले, हे तिला दिसलं, आणि तेच सगळ्यात वाईट होतं. त्यांचा आवाज मऊ झाला. ती लहानपणी पडायची तेव्हा व्हायचा तसा.

"अवो बाई, तुले कुठं देल्ल्या होत्या? तुह्यापाशी ठेवल्या होत्या."

एवढं बोलून त्यांनी हात पुढं केला.

रुचिका त्या हाताकडं पाहत राहिली. इतके दिवस ती समजत होती की बाबांना खेळता येत नाही. त्यांना काढून घेणं जमत नाही, एवढाच त्यांचा दोष. आता कळलं की तिच्या बाबतीत काढून घेण्याचा प्रश्नच नव्हता. ती त्या दुकानात उभी राहून घसा सुकेपर्यंत बोलली, उन्हातान्हात मोटारी उतरवून घेतल्या, आणि बापाच्या लेखी ती भिंतीतली खुंटी होती. त्या खुंटीला त्यांनी जुडगा अडकवून ठेवला होता.

"तुमच्या आईनं मलेही असंच म्हटलं होतं," मंदाबाई म्हणाल्या.

त्या स्वयंपाकघराच्या दारात केव्हा येऊन उभ्या राहिल्या ते कोणालाच कळलं नव्हतं. भैय्याजींनी वळून पाहिलं.

"लग्नात माह्या हातात गोठ, पाटल्या घातल्या होत्या," मंदाबाई लेकीला सांगू लागल्या, पण डोळे नवऱ्यावर होते. "सारा मांडव पाहून राह्यला होता. मांडव उतरला अन् तुह्या आजीनं माह्या हातातून सारं काढलं, ज्याचं होतं त्याले पोचवलं. मी रडली तं म्हणे, तुले कुठं देल्लं होतं? मांडवापुरतं तुह्या अंगावर ठेवलं होतं." त्या क्षणभर थांबल्या. "तुह्या बाबाले लय लागलं ते. म्हणाले, आता या घरात कोणाच्या अंगावरचं काही उतरणार नाई. तवापासून म्हणून राह्यले."

बोलून झाल्यावर त्या आत गेल्या नाहीत. दाराच्या चौकटीला हात लावून उभ्या राहिल्या.

भैय्याजींचा पुढं केलेला हात हळूहळू मांडीवर आला. मग निकेशनंच तोंड उघडलं. तो वाईट मुलगा नव्हता, फक्त दुसऱ्यांनी आधी बोलावं अशी वाट पाहणारा होता.

"ताई, राहू दे ना मग. तुह्यापाशीच राहू दे."

"माह्यापाशी नाई!" रुचिका एवढ्या जोरात म्हणाली की निकेशच्या हातातले पत्ते निसटले. "माह्यापाशी नाई ठेवाच्या आता काही."

तिनं ओढणीच्या टोकाला बांधलेला जुडगा सोडला आणि सतरंजीच्या मधोमध ठेवला. भैय्याजी जुडग्याकडं पाहत राहिले, मग दाराकडं, मग पुन्हा जुडग्याकडं. शेवटी त्यांनी तो उचलला आणि तिच्यापुढं धरला.

"घे," ते म्हणाले.

"कोणाले देल्ल्या ते सांगा. मग घेते."

भैय्याजींनी तोंड उघडलं. 'तुले' हा शब्द ते उठताबसता तिच्याशी बोलायचे. तुले चहा पाह्यजे का, तुले उशीर नाई होत का, तुले कितीक वेळा सांगाव. तोच शब्द आता त्यांच्या तोंडून निघेना. त्यांनी निकेशकडं पाहिलं. निकेश खाली वाकून पडलेले पत्ते वेचत होता.

"घे ना वो बाई," ते पुन्हा म्हणाले. रुचिका हात मांडीवर ठेवून बसून राहिली, आणि दारातून मंदाबाई नवऱ्याच्या तोंडाकडं पाहत होत्या.