फक्कीचं घर

"टेप ताणून धरा काका, झोळ नको," इंजिनियर बाई म्हणाल्या.

थोरल्याने टेपचं टोक खुंटाशी घट्ट दाबून धरलं. गवतातून टेप सुतासारखी सरळ झाली. बाईंनी आकडा वाचला, पुन्हा वाचला आणि मान हलवली. नगरपालिकेने त्याला बांधकामाची परवानगी नाकारली होती, त्यावर त्याने अपील केलं होतं आणि आजची मोजणी त्या अपिलासाठी होती.

"जागा कमीच भरते. एवढ्याशा तुकड्यावर घर नियमात बसत नाही."

"वाटणीआधी सगळी जागा मिळून बसत होतं," थोरला म्हणाला.

"मग वाटणी का केलीत?"

याला उत्तर नव्हतं. म्हणजे होतं, पण ते पलीकडच्या खुंटापाशी छत्री उघडून उन्हात उभं होतं. धाकटा भाऊ. वडील गेल्यावर दोघं या जागेवरून कोर्टात भांडले, हट्टाला पेटून भांडले, आणि शेवटी कोर्टाने बरोबर मधोमध रेघ मारून दिली तेव्हा दोघांनाही आपणच जिंकलो असं वाटलं. दोन्ही अर्धुकं घरासाठी तोकडी पडतील, हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. वकिलांच्या आलं असेल तर त्यांनी ते मनातच ठेवलं.

थोरल्याला घर हवं होतं ते बायकोसाठी. भाड्याचं घर चौथ्या मजल्यावर, लिफ्ट नाही आणि तिचे गुडघे पार गेलेले. गेल्या थंडीपासून ती खाली उतरली नव्हती. भाजी घ्यायची तर खिडकीतून दोरीला पिशवी बांधून सोडायची. जमिनीला पाय लागतील असं घर एकदा मिळू दे, एवढंच ती म्हणायची, आणि त्याच्या जिवाला घोर लागायचा.

"एक मार्ग आहे," बाई म्हणाल्या. "खास बाब म्हणून सूट देता येते. पण दोघांतल्या एकालाच. तुम्हाला दिली की यांच्या अर्ध्या भागावर पुढे कधीच काही बांधता येणार नाही. म्हणून तर यांनी हरकत घेतलीय. ती मागे घेतली तर मी आजच शिफारस करते." मग त्या धाकट्याकडे वळल्या. "तुम्ही जरा इकडे या."

धाकटा निघाला. सरळ आला असता तर लगेच पोहोचला असता. पण तो आधी रस्त्याकडे गेला, कडेकडेने चालत एका जागी थांबला, वळला आणि मग आत आला. मोकळ्या जागेत एवढा वळसा घेणारा माणूस बाईंनी बहुधा पहिल्यांदाच पाहिला असावा.

थोरला मात्र ओळखून चुकला. धाकटा दारातून आला होता.

वडिलांनी ही जागा घेतली तेव्हा घर बांधायची ऐपत नव्हती, हौस मात्र दांडगी. दर रविवारी सगळ्यांना घेऊन यायचे, पिशवीतली चुन्याची फक्की काढायचे आणि जमिनीवर पांढऱ्या रेघांनी घर आखायचे. बैठक, स्वयंपाकघर, मुलांची खोली. आई डबा उघडायची तो स्वयंपाकघरातच. कुणी भिंतीतून गेलं की वडील लटकं रागवायचे, अरे डोकं फुटेल, दारातून जा. आठवडाभरात वाऱ्याने भिंती पुसल्या जायच्या आणि पुढच्या रविवारी घर थोडं मोठंच व्हायचं. काय दिवस होते ते. थोरला त्या घरात जितक्या सुखात राहिला, तितका पुढे विटांच्या कुठल्याही घरात राहिला नाही.

"चपला घालून स्वयंपाकघरातून आलास," तो म्हणाला. कित्येक वर्षांनी तो भावाशी थेट बोलत होता.

"काहीतरीच. स्वयंपाकघर तिकडे, विजेच्या खांबापाशी."

"खांबापाशी मोरी होती."

"मोरी मागे. तुला काही म्हणता काही आठवत नाही."

"कुठलं स्वयंपाकघर?" बाईंनी गवताकडे पाहत विचारलं.

धाकट्याने छत्री मिटली.

"बाई, मी हरकत मागे घेतो. यालाच द्या सूट. वहिनींना जिना झेपत नाही, असं कानावर आलंय. माझं काय, मी एकटा जीव."

हेच ऐकायला थोरल्याने जिवाचं रान केलं होतं. आता मात्र त्याला आनंद होईना. तो धाकट्याच्या भागाकडे बघत राहिला. मुलांची खोली अख्खी त्या बाजूला होती. दोघं तिथं उताणे पडायचे. अंधारून आलं की धाकटा घाबरायचा, आणि थोरला उठून नसलेलं दार लावून घ्यायचा. तिथं आता कायमचं गवत वाढणार.

"चला, मग अर्ज पुढे पाठवते," बाई म्हणाल्या.

"थांबा. माझी हरकत आहे, लिहून घ्या."

"कशाला हरकत?"

"या परवानगीला."

"अहो, ती तुमचीच आहे."

"असू दे. जागा परत एक केली तर दोघांचं मिळून घर होईल ना?"

"होईल की. पण वेळ जाईल. पुन्हा कोर्ट, पुन्हा नकाशे."

"जाऊ दे."

"दादा," धाकटा म्हणाला, "आणि तोवर वहिनींनी वरच बसून राहायचं?"

थोरला खुंटाजवळ मटकन बसला. याचा विचार त्याने केलाच नव्हता. आधी बोलून मोकळं व्हायचं आणि मग डोकं धरून बसायचं, ही त्याची जन्माची खोड.

धाकटा थोडा वेळ पायाने माती सारखी करत राहिला.

"माझं घर तळमजल्याला आहे," तो म्हणाला. "एक खोली रिकामीच असते. पुढे अंगण आहे. तुम्ही दोघं या."

"तळमजल्याला? कधीपासून?"

"पहिल्यापासून. तुमच्या मागच्याच गल्लीत."

थोरल्याने खुंटाजवळचं गवत उपटलं, मूठभर हातात धरलं, मग टाकून दिलं.

"ती विचारेल, मग इतके दिवस का नाही बोलावलं."

"काय सांगशील?"

"मी नाही सांगणार. वर चढून ये आणि तूच सांग तिला."