देवीच्या गोळ्या

मंगळवार असल्यामुळे लामता गावात प्रेमलालच्या ओसरीवर सकाळपासूनच चपलांचा ढीग पडला होता. आत पाटावर त्याची आई गोदाबाई बसल्या होत्या आणि त्यांचे दोन्ही हात मांडीवर थरथरत होते. गाव त्या थरथरीला देवी म्हणत असे. बालाघाटच्या डॉक्टरांनी तिला पार्किन्सन म्हटलं होतं. पण त्या नावापुढं कोणी नारळ फोडत नाही.

देवी रीतसर तपासून घेतलेली होती. गावचा रिवाज असा, की अंगात आलेल्याच्या तळहातावर कापूर पेटवायचा. हात मागे घेतला तर ढोंग, नाही घेतला तर देवी. शेजारच्या दुलीचंदनं स्वतः काडी ओढली होती. या रोगात शरीराला हुकूम उशिरा पोचतात. गोदाबाईंचा हात मागे येईपर्यंत कातडी जळाली होती आणि लोक पायांवर पडले होते. चेहऱ्यावरची रेषसुद्धा हलली नाही. चेहरा ताठरणं हेही त्याच रोगाचं लक्षण. लोक म्हणाले, "मूर्ती हाय, साक्षात मूर्ती!"

नवरा गेल्यापासून ज्या बाईला सून नूतन हळदीच्या ताटाजवळ फिरकू देत नसे, तिच्याच कपाळावर ती आता मूठभर कुंकू फासत होती. विधवेचा विटाळ होतो, देवीचा होत नाही. शिवाय देवीला साड्या येत, आणि त्यांचे रंग नूतनला शोभून दिसत.

अडचण एवढीच होती, की डॉक्टरांच्या गोळ्या घेतल्या की देवी निघून जाई. म्हणून प्रेमलालनं गोळ्याच लपवल्या.

"आई आता किती दिवसाची पाहुणी?" तो बायकोला म्हणाला. "काहून दवा खाऊ घालाची? देवी होऊन जाऊ दे बिचारीले."

गोळ्या थांबल्यावर बिचारी दोनदा मोरीत पडली. घास घशात अडकून डोळे पांढरे झाले. नूतननं बाहेर सांगितलं, देवीला उपास आहे.

त्या मंगळवारी संध्याकाळी तिरोडीहून लेक अंजू आली. गोदाबाईंनी तिला जवळ ओढलं. आवाज पुटपुटण्याइतकाच उरला होता.

"अंजू, मी मरून राह्यली का व?"

"कोन म्हनलं? डॉक्टरनं माह्यासमोर सांगतलं. हा रोग जात नाही, हळूहळू वाढते. पन गोळ्या टाइमावर घेतल्या, चाललं-फिरलं, तं बहुतेक लोकं बाकीच्याइतकेच जगते, थोडं कमी-जास्त. घात होते तो पडल्यानं, आन घशात अडकल्यानं."

"म्हंजे वर्षं हायेत मले?"

"हौ. लय."

गोदाबाईंनी अंजूच्या हाताला धरून पाठ सरळ केली. मग म्हणाल्या, "मंग आन त्या गोळ्या. आता मी या दोघाइले सोडत नाही."

अंजूनं बालाघाटहून नव्या गोळ्या आणल्या आणि डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणे आठवडाभर पदराआडून दिल्या.

पुढच्या मंगळवारी गोदाबाई पाटावर बसल्या, तेव्हा हात मांडीवर शांत होते. नूतननं उदबत्त्या वाढवल्या. बायकांनी टाळ्या वाढवल्या. देवी काही येईना.

"आई, थोडी तरी हाल ना," प्रेमलाल कानाशी लागला.

"माह्यात येत नाही ते," गोदाबाई सावकाश, पण साऱ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या. "ते तुह्या अंगात आली."

प्रेमलालचे हात खरंच कापत होते. भीतीनं कापत होते, पण दुलीचंद श्रद्धाळू माणूस. पुराव्याशिवाय तो काही मानत नसे.

"पोराच्या अंगात आली! कापूर आना!"

चौघांनी प्रेमलालला धरून पाटावर बसवलं. आईसाठी कालवलेलं कुंकू त्याच्या कपाळावर चढलं.

"नाही हो काका, माह्यात नाही!"

"देवी पहिले नाहीच म्हनते," दुलीचंदनं जमलेल्यांना समजावलं आणि तळहातावर कापूर ठेवला. "धरा रे, घट्ट धरा."

गोदाबाई पाहत होत्या. त्यांच्या एका शब्दानं हे थांबलं असतं. त्यांनी तो शब्द काढला नाही. काडी पेटली.

"बिमारी हाय!" प्रेमलाल किंचाळला. "आईले बिमारी हाय, देवी-गिवी काही नाही! गोळ्या मीच लपवल्या! सोडा मले!"

धरणाऱ्यांनी हात सोडले. गोदाबाईंनी आपला जळका तळहात सगळ्यांपुढं धरला.

"याले एका काडीनं बोलतं केलं. माह्या हातावर कापूर ठेवला तवा कोनी थांबलं नाही. काडी तुमीच ओढली होती ना, दुलीचंदभाऊ?"

दुलीचंद चपला शोधू लागला.

"आन तुमी साऱ्याजनी. पाय धुऊन पानी पेल्या माह्ये. बुढी जेवली का, हे एकीनं तरी इचारलं?"

कोणी माफी मागितली नाही. दोघी-तिघींनी आपले नारळ मात्र उचलून नेले.

मग गोदाबाईंनी हुकूम सोडला. घर त्यांच्या नावावर होतं, त्यामुळे तो देवीच्या हुकमापेक्षा जास्त चालला. गोळी रोज प्रेमलालनंच द्यायची, ओसरीवर, येणाऱ्या-जाणाऱ्यांसमोर. नूतननं हात धरून गावभर फिरवायचं, डॉक्टरांनी सांगितलंय म्हणून. एक गोळी चुकली की अंजू ठाण्यात जाणार.

संध्याकाळी प्रेमलाल पाण्याचा गिलास आणि गोळी घेऊन ओसरीवर उभा राहिला. रस्त्यानं जाणारे मान वळवून पाहत होते. कपाळावरचं कुंकू धुऊनही पुरतं निघालं नव्हतं.

"आई," तो हळूच म्हणाला, "किती दिवस असा राग धरशीन?"

गोदाबाईंनी गोळी घेतली, घोटघोट पाणी प्यायल्या आणि गिलास त्याच्या हातात परत दिला.

"डॉक्टर म्हनते, लय वर्षं."