त्रेपन्नावी खेप

संघपालच्या डाव्या मनगटाचा एमआरआय काढायला अकरा मिनिटं लागली. पालथं पडून, हात डोक्याच्या वर ताणून, अजिबात हलायचं नाही, एवढंच त्याला सांगितलं होतं. आणि न हलण्यात तो पटाईत होता. गोलकीपर आधी हलला की पेनल्टी गेलीच.

दुसऱ्या दिवशी गोव्याच्या शिबिरातल्या डॉक्टरांनी त्याला एकट्याला बोलावलं आणि पडद्यावर त्याचंच मनगट दाखवलं. वाढत्या वयात हाडाच्या टोकाशी कूर्चेची एक पट्टी असते, ते म्हणाले. तिच्यामुळे हाड लांब होत जातं. वाढ संपली की पट्टी हाडात मिसळते आणि मागमूस उरत नाही. सतरा वर्षांखालच्या राष्ट्रीय संघांच्या आशियाई स्पर्धेला जाणाऱ्या प्रत्येक मुलाची ही पट्टी तपासतात. बाकीच्या बावीस जणांच्या मनगटात ती होती, कुणाची ठळक, कुणाची पुसट. संघपालच्या मनगटात नव्हती.

"माझं वय खरं आहे, सर."

"असेलही," डॉक्टर म्हणाले. "शंभरात एखाद्याची पट्टी लवकर जाते. तू तो एक असशील. पण चित्र पाहून ते सांगता येत नाही." त्यांनी पडदा बंद केला. "तुझा जन्मदाखला जन्मानंतर सहा वर्षांनी काढलेला आहे, त्याला कुणी विचारणार नाही. जन्माच्या वेळचा एखादा कागद मिळतो का बघ. यादी शुक्रवारी जाते, विमान रविवारी आहे. समितीपुढे ठेवीन. शब्द मात्र देत नाही."

सोमवारी तो नागपूरला परतला. जरीपटक्यात तो त्याच्या मावशीकडे, मायाकडे राहायचा. आई तो चार वर्षांचा असताना तापाने गेली आणि बाप त्याच्याही आधी सुरतेला गेला तो गेलाच. मायामावशी ब्लाउज शिवून घर चालवायची.

बातमी त्याच्या आधी पोचली होती. मैदानाच्या कट्ट्यावर बसलेल्या रोहितने त्याला पाहताच उठून नमस्कार केला.

"या काका. रिटायर झाले म्हणते?"

"खुर्ची दे बे काकाले," दुसरा म्हणाला. "गुडघे दुखत असतीन त्याचे."

संघपालही हसला. चार वर्षं या पोट्ट्यांबरोबर खेळलेला, न हसून सांगणार कुणाला? पण दुसऱ्या दिवशी तो मैदानावर मागच्या गल्लीने गेला.

शिबिराच्या मोबाइल ग्रुपमधून त्याला कुणी काढलं नव्हतं. बहुधा कुणाच्या लक्षातच आलं नसावं. तिथे फोटो पडत होते. नवे निळे जॅकेट. जेवणाचं टेबल. एक नंबरची जर्सी घातलेला, मणिपूरचा दुसरा गोलकीपर. संघपाल प्रत्येक फोटो मोठा करून बघायचा आणि काही न लिहिता फोन ठेवून द्यायचा.

प्रेमानंद सरांनी त्याला बाराव्या वर्षापासून फुटबॉल शिकवला होता. त्याला पाहून ते सराव थांबवून मैदानाच्या कडेला आले.

"मी सगळ्यायले सांगितलं, माझा पोरगा खोटा नाही. शपथ घेऊन सांगितलं. आता तू मले एक कागद आणून दे."

"कुठून आणू, सर? मी घरी जन्मलो. नरखेडकडं, आबाच्या घरी."

"मग तिथून आण ना. इथं काहून उभा आहेस?"

त्या संध्याकाळी त्याने मावशीला विचारलं की माझी तारीख तू कुठून काढलीस. तिने मशीनचं चाक हाताने थांबवलं.

"शाळेत टाकायचं होतं तुले. तुह्या आबाले फोन केला. ते म्हणाले, माह्या दीक्षाभूमीच्या त्रेपन्नाव्या खेपेनंतर तिसऱ्या दिवशी. मंग मी छप्पन सालात त्रेपन्न मिळवले, दोन हजार नऊ. दसरा कवा होता ते पाह्यलं, अठ्ठावीस सप्टेंबर. तीन दिवस धरले. एक ऑक्टोबर." ती थोडी घाबरली होती. "अन् तुले काय वाटते, मी कमी करून लिहिलं?"

"नाही वं मावशी."

"लोक म्हणून राहिले."

"म्हणू दे."

स्पर्धेला एक जानेवारी दोन हजार नऊ किंवा त्यानंतर जन्मलेली मुलं चालत होती. मावशीच्या हिशेबाने तो नऊ महिने आत होता.

बुधवारी सकाळी तो काटोलमार्गे एसटीने निघाला. मे महिन्याचं ऊन खिडकीच्या गजांना चटका देत होतं. फाट्यावर उतरून दोन किलोमीटर चालायचं होतं; एकाने मोटरसायकल थांबवून मागे बसवलं आणि कुणाचा म्हणून विचारलं. देवरावचा नातू म्हटल्यावर तो म्हणाला, "फुटबॉलवाला? तुझं वय जास्त निघालं म्हणते."

देवराव, त्याच्या आईचे आणि मावशीचे वडील, शहात्तर वर्षांचे होते आणि गावात एकटेच राहायचे. छप्पन साली नागपूरला धम्मदीक्षा झाली तेव्हा ते सहा वर्षांचे होते, बापाच्या खांद्यावर बसून गेलेले. तेव्हापासून दर दसऱ्याला ते दीक्षाभूमीवर जात. करोनाची दोन वर्षं सोडली तर एक खेप चुकली नव्हती. लग्नाचं, विहिरीचं, बायकोच्या मरणाचं, घरातल्या सगळ्याचं साल ते खेपेनेच सांगत. सन त्यांना कुणी विचारलाच नव्हता.

"आला गा बाबू!" त्यांनी त्याच्या खांद्याला हात लावून उंची पाहिली. "मले मायानं सांगितलं. मशीन म्हणते तू मोठा हाय?"

"हो आबा."

"मशीन काय तिथं होतं काय? मी होतो. नागपूरहून आलो, पायाची धूळ नाही झटकली, अन् तिसऱ्या दिवशी तू झाला. सुईण यायच्या आधी. माह्याजवळ लिहून हाय."

"लिहून?" संघपाल एकदम पुढे सरकला. "कागदावर?"

"पुस्तकावर."

पलंगाखालून त्यांनी लोखंडी पेटी ओढली. आत बारकी बारकी पुस्तकं होती, दीक्षाभूमीबाहेरच्या दुकानांतून दर खेपेला घेतलेलं एकेक. प्रत्येकाच्या पहिल्या पानावर देवरावांनी शाईने खेपेचा आकडा घातला होता. चौथीपर्यंत शिकलेल्या माणसाचं ठळक, गोल अक्षर.

"तू शोध. मले आता बारीक दिसत नाही. मी च्या ठेवतो."

तो जमिनीवर मांडी घालून बसला आणि पुस्तकं उलटी काढत गेला. अडुसष्ट. साठ. पंचावन्न. त्रेपन्न. पान पिवळं पडलं होतं, पण शाई साफ होती. वरच्या ओळीत लिहिलं होतं: *खेप ५३. परत आल्यावर तिसऱ्या दिवशी हर्षाले मुलगा झाला.* हर्षा म्हणजे त्याची आई. हाताने लिहिलेलं आईचं नाव तो प्रथमच पाहत होता. तो ते बघतच राहिला, आणि म्हणून खालची ओळ त्याला उशिरा दिसली.

*दसरा, ९ ऑक्टोबर २००८.*

त्याला आधी वाटलं, आबांची चूक झाली असेल. त्याने चोपन्न काढलं. अठ्ठावीस सप्टेंबर दोन हजार नऊ. बावन्न काढलं. दोन हजार सात. मग त्याने सगळी पेटी जमिनीवर उपसली आणि तळाशी पोचला. तिथे पुस्तक नव्हतं, चार पानांचं एक पत्रक होतं, घड्यांवर झिजून भोकं पडलेलं. देवरावांच्या बापाने घेतलेलं, आकडा मुलाने मोठेपणी घातलेला. *खेप १. १९५६.*

संघपालने बोटांवर मोजलं, मग फोनवर मोजलं, खरं तर गरज नव्हती. छप्पनला पहिली, तर सत्तावनला दुसरी. त्रेपन्नाव्या खेपेपर्यंत वर्षं बावन्नच उलटतात. आबा बरोबर मोजत आले होते. मावशीनेही बेरीज बरोबर केली होती. फक्त पहिली खेप त्याच वर्षातली आहे, हे फोनवर कुणी कुणाला सांगितलं नव्हतं.

बारा ऑक्टोबर दोन हजार आठ. ऐंशी-एक्याऐंशी दिवस. तेवढ्याने तो बाहेर होता.

आतून स्टोव्हचा आवाज येत होता. त्याने पानाचा फोटो काढला. मग, हात स्वतःहून चालावा तसं, त्याने फोटोची खालची कड वर सरकवली. तारीख गेली. उरलं फक्त *खेप ५३* आणि आईचं नाव. जुना कागद, जुनी शाई, छप्पन अधिक त्रेपन्न. डॉक्टरांनी हेच तर मागितलं होतं. समितीतल्या कुणाला खेपा कशा मोजतात ते ठाऊक असणार?

फोटो कितीतरी वेळ पडद्यावर तसाच राहिला. एवढा वेळ तो गोलमध्येही कधी निश्चल उभा राहिला नव्हता. त्याला मणिपूरचा मुलगा आठवला नाही, नियमही आठवले नाहीत. आठवलं ते एवढंच, की गेले चार दिवस तो जिथे जाईल तिथे 'माझं वय खरं आहे' म्हणत होता आणि ते म्हणताना त्याचा आवाज कधी कापला नव्हता. आता हे वाक्य त्याच्याजवळ राहिलं नव्हतं.

त्याने अख्खा फोटो प्रेमानंद सरांना पाठवला आणि खाली लिहिलं, 'पहिली खेप १९५६. मोजून पाहा.'

घरात रेंज येत-जात होती म्हणून तो विहिरीकडे गेला. पाच मिनिटांत फोन आला.

"म्हणजे मशीन बरोबर होतं," सर म्हणाले.

"हो सर."

"मी लोकायसमोर शपथ घेतली रे."

"मला माहीत नव्हतं, सर."

"माहीत आहे मले." पलीकडे कुणीतरी शिट्टी वाजवली, पोरांचा गलका आला. "डॉक्टरले मी कळवतो. तू..." पलीकडे पुन्हा शिट्टी वाजली. "ऊन हाय. टोपी घाल." फोन बंद झाला.

तो विहिरीच्या काठावर बसला. वीज नव्हती, पंप गप्प होता. आधी निदान लोक खोटं बोलत होते आणि तो खरा होता. एकटं पडायला तेवढा आधार पुरला होता.

घरात आला तर देवराव दारात दोन कप घेऊन उभे होते. शेजारच्या ओट्यावरून तुळसाबाई मान पुढे करून ऐकत होती.

"कोनाचा फोन होता? मानलं का त्यायनं?"

"तुमचं मोजणं बरोबर आहे म्हणाले, आबा."

"मंग काय!" म्हातारा केवढा फुलला. "अवं तुळसा, ऐकलं काय? माह्या मोजण्यावर पोट्टा विमानानं चालला. कवा हाय गा विमान?"

"रविवारी."

"रविवारी हाय वं!"

"विमानात बसून खिडकीतून थुकू नको म्हणा त्याले," तुळसाबाई म्हणाली आणि स्वतःच खो खो हसली.

"आबा," संघपाल म्हणाला. "मी नाही त्याच्यात."

"काहून? मोजणं तर बरोबर निघालं."

"बरोबर निघालं म्हणूनच."

देवरावांना कळेना. मग त्याने त्यांना आत नेलं, पत्रक आणि त्रेपन्नावं पुस्तक शेजारी शेजारी ठेवलं आणि हळूहळू समजावलं. खेप एक, वर्ष शून्य. खेप दोन, वर्ष एक. तो कुणालाही दोष न येईल अशा बेताने बोलत होता. देवराव पत्रकावर बोट ठेवून ऐकत राहिले. चहावर साय धरली.

शेवटी ते म्हणाले, "म्हणजे ती पयली खेप मी मोजाची नव्हती काय? मी लहान होतो, खांद्यावर होतो, म्हणून?"

"नाही आबा. मोजायचीच होती."

"तुह्यासाठी सोडून देल्ली असती गा. कोनी आधी सांगतलं असतं तर."

संघपालला त्यांच्याकडे बघवेना. ती सोडली असती तर बाकीच्या सदुसष्ट कशाच्या मोजायच्या, हे त्याला म्हणायचं होतं. त्याने पुस्तकं गोळा केली आणि क्रमाने पेटीत लावायला घेतली, पत्रक तळाशी. देवराव एकेक हातात देत होते. आकडा दिसत नव्हता म्हणून प्रत्येक वेळी विचारत होते, "ही कितवी?" आणि तो सांगत होता.

चारची एसटी चुकली. पुढची साडेपाचला होती.