माय लॉर्डचं प्रमेय

केंब्रिजला फौजदारी खटले चालवायला न्यायाधीश आला, की त्याने उतरायचं ते कॉलेजातच, अशी जुनी वहिवाट. त्यामुळे अँब्रोज थर्ल्बी ज्या दारातून लग्नापायी बाहेर पडले होते, त्याच दारातून लाल झगा सावरत आत आले. लग्न केलं की कॉलेजातली शिकवण्याची जागा गेली, असा तिथला खाक्या. हॅरिएटसाठी त्यांनी गणित सोडलं, पोटासाठी वकिली धरली. पुढे हॅरिएट गेली आणि वकिलीने मात्र थेट न्यायासनावर नेऊन बसवलं.

पण गणिताचा नाद काही सुटला नाही. कोर्टातून आल्यावर ते वर्षानुवर्षं एकाच प्रमेयाशी झटत बसत. ते दाखवायचं तर ल्युकस हेब्डनलाच. दोघं एका खोलीत राहिलेले, एकाच फळ्यावर तावातावाने भांडलेले. आता ल्युकस तिथलाच प्राध्यापक. पण न्यायाधीश जेवायला आले की सगळं टेबल उभं राही, त्यात ल्युकसही. "मटण मऊ शिजलंय ना, माय लॉर्ड?" यापलीकडे तो बोलेना. असला मान काय चाटायचाय, असं अँब्रोजना होऊन गेलं.

खटल्यांच्या शेवटच्या दिवशी सकाळी ते न राहवून ल्युकसच्या खोलीत गेले आणि त्यांनी फळ्यावर प्रमेय मांडलं. न्यायाधीशांच्या दिमतीला म्हणून सोबत फिरणाऱ्या शेरीफला साध्या बेरजेचंही वावडं.

"वा! निर्विवाद, माय लॉर्ड!" तो म्हणाला.

अँब्रोज ल्युकसकडे वळले.

"बोल ना रे."

"आपल्यापुढे मी काय बोलणार, माय लॉर्ड?"

"दिवसभर सगळे मला बरोबरच म्हणतात, ल्युकस. तू तरी तसं करू नकोस."

ल्युकसने फळ्याकडे पाहिलं आणि त्याला राहवेना. "चुकलंय! ही पायरी पुराव्याशिवाय धरून चाललास, गाढवा! आणि म्हणे न्यायाधीश!"

शेरीफचा चेहरा पांढरा पडला. इतक्या वर्षांची मेहनत पाण्यात गेली होती, तरी अँब्रोज खदखदून हसले. "बरं, मग इकडून गेलो तर?" त्यांनी खडू उचलला. "इकडून? हं... बघू," म्हणत ल्युकस फळ्याशी सरकला.

इतक्यात खाली तुताऱ्या वाजल्या. कोर्टाची वेळ झाली होती.

ल्युकस मागे झाला, लवला. "यावं, माय लॉर्ड."

कोर्टात वकील अदबीने म्हणाले, "आपलंच बरोबर, माय लॉर्ड." झग्याच्या बाहीला खडू लागला होता. शेरीफ तो झटकायला पुढे वाकला, तसा अँब्रोजनी हात मागे घेतला.